आजोळाहून आलेले नाव : गिबेलिन

श्टुटगार्ट शहरातून रेम्स नदीच्या खोऱ्याकडे जाणाऱ्या लोकल गाड्यांच्या, म्हणजे तिथल्या भाषेत एस-बानच्या, मार्गावर वाइब्लिंगन नावाचे एक स्थानक लागते. कामानिमित्त त्या भागात राहत असताना मी कित्येक महिने आठवड्यातून दोनदा तरी या स्थानकावरून गेले असेन. निळ्या पाटीवरची ती पांढरी अक्षरे दर वेळी नजरेखालून जात आणि माझ्या लेखी ते एक उपनगर, एवढाच त्या नावाचा अर्थ असे. मध्ययुगीन इटलीचा इतिहास वाचताना 'गिबेलिन' या पक्षनामापाशी मी पूर्वी अनेकदा अडखळले होते, आणि ते नाव म्हणजे हीच पाटी, हे मला फार उशिरा कळले. कळल्यावर मात्र मी त्या एका शब्दाच्या मागे लागले. शब्दाचा प्रवास तर मनोरंजक आहेच. पण त्याहूनही अधिक मन गुंतले ते दुसऱ्याच एका गोष्टीत, आणि तिच्याविषयी मला येथे सविस्तर लिहायचे आहे.

ज्यांना या पक्षांची ओळख नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. तेराव्या आणि चौदाव्या शतकांत उत्तर व मध्य इटलीतील शहरे दोन तटांत विभागलेली होती. पवित्र रोमन सम्राटाच्या बाजूचे ते गिबेलिन आणि पोपच्या बाजूचे ते ग्वेल्फ, अशी त्यांची ढोबळ ओळख पाठ्यपुस्तकांत दिलेली असते. ही भांडणे इटलीच्या गल्लीबोळांत झाली, रक्त इटालियन माणसांचे सांडले; परंतु दोन्ही नावे आल्प्स ओलांडून आलेली, अस्सल जर्मन आहेत. ग्वेल्फ म्हणजे वेल्फ, हे एका घराण्यातील पुरुषांचे नाव. आणि गिबेलिन म्हणजे वाइब्लिंगन, हे एका गावाचे नाव.

'वाइब्लिंगन'चे 'गिबेलिन' कसे झाले, हे कानाला प्रथम पटत नाही. पण जर्मानिक भाषांतील शब्दारंभीचा ओठांवरचा 'व' इटालियन आणि फ्रेंच बोलणाऱ्यांच्या तोंडी 'ग्व' किंवा 'ग' होतो, हा नियम एकदा ध्यानात आला की कोडे आपोआप सुटते. विल्हेल्म हे जर्मन नाव इटलीत गुल्येल्मो होते, वाल्टरचा ग्वाल्तिएरो होतो, आणि झगडा या अर्थाच्या 'वेरा' या जुन्या जर्मानिक शब्दापासून इटालियन भाषेला युद्धासाठी 'ग्वेरा' हा शब्द मिळतो. याच बदलाची खूण मराठीत रुळलेल्या इंग्रजी शब्दांतही आहे : वॉर्ड आणि गार्ड, वॉरंटी आणि गॅरंटी या जोड्या एकेका जुन्या जर्मानिक मुळातून निघालेल्या असून एकात मूळचा 'व' टिकला आहे, तर दुसऱ्यात फ्रेंचांच्या जिभेवरून आलेला 'ग' आहे. त्याच रीतीने वेल्फचा ग्वेल्फो झाला, वाइब्लिंगनच्या आरंभी 'ग' आला, आणि शेवटच्या '-इंगन'च्या जागी इटालियनांच्या ओळखीचा '-इनो' हा प्रत्यय बसला, जो फ्लोरेन्सच्या माणसाला फिओरेन्तिनो म्हणताना लागतो.

नावाच्या लेखनाविषयीही एक गोष्ट येथेच सांगून टाकते, कारण मराठी मजकुरात हे नाव पुष्कळदा 'घिबेलिन' असे लिहिलेले दिसते. रोमन लिपीत 'जी'नंतर 'एच' आहे म्हणून आपण 'घ' लिहितो; परंतु इटालियन लेखनात तो 'एच' महाप्राणाचा नसून, पुढे 'इ' किंवा 'ए' आला असताही 'ग'चा 'ज' होऊ देऊ नये, एवढेच सांगण्यासाठी घातलेला असतो. 'स्पॅगेटी' हा शब्द लिहिताना आपण 'घ' वापरत नाही, त्याच न्यायाने 'गिबेलिन' लिहिणे योग्य.

आता त्या गावाकडे वळू. नैऋत्य जर्मनीच्या नकाशावर '-इंगन'ने संपणारी गावे विपुल आहेत : ट्यूबिंगन, एस्लिंगन, रॉइटलिंगन, ग्योपिंगन. आलेमानी टोळ्या या प्रदेशात स्थायिक झाल्या त्या काळापासून चालत आलेला हा प्रत्यय 'अमक्याची माणसे' असा अर्थ देतो, आणि त्याच्या आधीचा भाग बहुतेक वेळा वस्ती बसवणाऱ्या प्रमुखाच्या नावाचा असतो. वाइब्लिंगनचाही अर्थ असाच, कुणा एका विसरल्या गेलेल्या माणसाच्या गोतावळ्याचे गाव, असा मानला जातो. ८८५ साली कॅरोलिंगियन सम्राट तिसरा कार्ल याने येथून एक सनद दिली, तेव्हा गावाचे नाव प्रथम लेखात आले. म्हणजे त्या काळी येथे राजाच्या मुक्कामाचा वाडा होता. पुढे ही जागा सालियन या जर्मन राजघराण्यातील सम्राटांच्या खासगी मालमत्तेत आली. त्या वाड्याचे आज काही दिसत नाही. १६३४ मध्ये, तीस वर्षांच्या युद्धातील न्योर्डलिंगनच्या लढाईनंतर, सम्राटाच्या फौजांनी हे गाव जवळजवळ संपूर्ण जाळले. ज्या गावाच्या नावाने इटलीत माणसे सम्राटासाठी लढली, ते गाव सम्राटाच्याच सैनिकांनी भस्म केले, हे वाचले त्या दिवशी संध्याकाळी मी मुद्दाम त्या स्थानकावर उतरले आणि जुन्या तटाच्या उरलेल्या भागाला वळसा घालून परत आले.

या गावाचे नाव घराण्याला कसे चिकटले, याचा सर्वांत महत्त्वाचा पुरावा फ्रायझिंगचा बिशप ओटो याच्या लॅटिन ग्रंथातील एका वाक्यात आहे. सम्राट फ्रीडरिख बार्बारोसाच्या कारकिर्दीचा इतिहास तो लिहीत होता, आणि ११५८ मध्ये त्याच्या मृत्यूने ते काम थांबले. ११५२ साली फ्रीडरिखची राजा म्हणून निवड का झाली, हे सांगताना तो म्हणतो की रोमन साम्राज्यात गॉल आणि जर्मेनियाच्या सीमाभागात आजवर दोन विख्यात घराणी झाली, एक ग्वाइबेलिंगाच्या हाइनरिखांचे आणि दुसरे आल्टडोर्फच्या ग्वेल्फांचे. पहिले सम्राट देत आले आणि दुसरे थोर ड्यूक. लॅटिन लिहिताना ओटोने दोन्ही नावांच्या आरंभी 'ग्व' योजला आहे, हे लक्षात घेण्याजोगे आहे. जर्मनीच्या बिशपच्या लेखणीतच शब्दाने अर्धी वाट चालून ठेवली होती.

पण या वाक्यात माझे लक्ष वेधून घेतले ते 'हाइनरिखांचे' या शब्दाने. फ्रीडरिख ज्या घराण्यात जन्मला ते श्टाउफर घराणे. ग्योपिंगनजवळच्या होहेनश्टाउफेन नावाच्या शंकूसारख्या टेकडीवरच्या किल्ल्यावरून त्याला हे नाव पडले. या घराण्यात फ्रीडरिख आणि कोनराड ही नावे पिढ्यान्‌पिढ्या चालत आली. मग ओटो ज्यांच्याविषयी बोलतो ते हाइनरिख कोण? ते आहेत सालियन घराण्याचे सम्राट, तिसरा, चौथा आणि पाचवा हाइनरिख. फ्रीडरिख बार्बारोसा त्यांचा पुत्र, पौत्र किंवा प्रपौत्र नव्हता. चौथ्या हाइनरिखची मुलगी अग्नेस ही त्याच्या वडिलांची आई. ओटो बिशप श्टाउफरांच्या वंशवृक्षाला श्टाउफेनच्या टेकडीवर न रुजवता वाइब्लिंगनच्या मातीत रुजवतो, कारण सम्राटपदाची परंपरा त्या बाजूला होती. म्हणजे श्टाउफरांना लागलेले 'वाइब्लिंगन' हे नाव त्यांचे स्वतःचे नव्हे. ते फ्रीडरिखच्या वडिलांच्या आजोळाचे नाव आहे.

या अग्नेसचे आयुष्य थोडे जवळून पाहायला हवे. तिचा जन्म १०७२ च्या सुमाराचा. तिचे वडील चौथे हाइनरिख हे पोप सातव्या ग्रेगरीशी झालेल्या संघर्षामुळे प्रसिद्ध आहेत; १०७७ च्या कडाक्याच्या हिवाळ्यात ते कनोसाच्या किल्ल्याबाहेर क्षमायाचनेसाठी उभे राहिले, तेव्हा ही मुलगी पाचेक वर्षांची असेल. १०७९ मध्ये हाइनरिखने फ्रीडरिख नावाच्या एका फारशा मोठ्या नसलेल्या सरदाराला स्वाबियाचा ड्यूक केले आणि सात वर्षांच्या अग्नेसचे त्याच्याशी लग्न ठरवले. एकनिष्ठ माणूस बांधून ठेवण्यासाठी मुलगी दिली गेली, असेच त्याचे वर्णन करावे लागेल. ११०५ साली ती विधवा झाली आणि पुढच्याच वर्षी भाऊ पाचवा हाइनरिख याने ऑस्ट्रियाचा मार्ग्राफ, म्हणजे सीमाप्रांताचा अधिपती, तिसरा लेओपोल्ड याच्याशी तिचा दुसरा विवाह करून दिला. पहिल्या लग्नातून तिला दुसरा फ्रीडरिख आणि राजा तिसरा कोनराड हे मुलगे झाले. दुसऱ्या लग्नातून बाबेनबेर्ग घराण्याची मोठी संतती झाली, आणि तिच्यातलाच एक मुलगा म्हणजे हा बिशप ओटो. ज्याने दोन घराण्यांचे ते वाक्य लिहिले, तो फ्रीडरिख बार्बारोसाचा सावत्र चुलता होता आणि दोघांना जोडणारी व्यक्ती होती अग्नेस. 'वाइब्लिंगनचे हाइनरिख' असे ओटो लिहितो तेव्हा तो स्वतःच्या आजोबांविषयी, आईच्या वडिलांविषयी लिहीत असतो. राजकीय पक्षाचे म्हणून गाजलेले नाव मुळात एका नातवाने आपल्या आजोळाला दिलेले नाव आहे, हे मला या साऱ्या इतिहासातले सर्वांत हृद्य सत्य वाटते.

आणि भांडणही आजोळाच्या मालमत्तेवरूनच पेटले. ११२५ मध्ये पाचवा हाइनरिख निपुत्रिक वारला. सालियनांची खासगी इस्टेट बहिणीच्या मुलांना, म्हणजे अग्नेसच्या मुलांना मिळाली. राजपदही त्यांनाच मिळेल अशी त्यांची अपेक्षा होती. परंतु निवड झाली ती सॅक्सनीच्या लोथारची. त्यानंतर मामाच्या मालमत्तेतला कोणता भाग खासगी आणि कोणता राज्याचा, यावरून लोथार आणि श्टाउफर बंधू यांच्यात युद्ध झाले. बव्हेरियाचा वेल्फ ड्यूक काळा हाइनरिख याने आपली मुलगी यूडिट श्टाउफर फ्रीडरिखला दिलेली होती, त्यामुळे तो जावयाच्या बाजूने उभा राहील असे वाटत होते; पण त्याच्या मुलाचा, गर्विष्ठ हाइनरिखचा, विवाह लोथारच्या एकुलत्या एका मुलीशी ठरला आणि वेल्फ लोथारकडे गेले. श्टाउफर आणि वेल्फ यांच्यातील दीर्घ वैराची सुरुवात इतिहासकार साधारणपणे येथून मांडतात. एका बाजूला मामाचा वारसा, दुसऱ्या बाजूला सासऱ्याचा वारसा, अशी ती मांडणी होती.

वेल्फ या नावाची कथा अधिक जुनी आहे. जुन्या जर्मनमध्ये 'वेल्फ' म्हणजे कुत्र्याचे किंवा हिंस्र प्राण्याचे पिल्लू. आजच्या जर्मनमध्ये पिल्लासाठी असलेला 'वेल्पे' हा शब्द त्याचाच भाऊबंद. प्राण्यांची नावे माणसांना देणे त्या समाजात मानाचे होते. परंतु नंतरच्या काळात मोठ्या झालेल्या घराण्याला 'पिल्लू' या नावाचे स्पष्टीकरण द्यावेसे वाटू लागले. ११७० च्या सुमारास अज्ञात लेखकाने लिहिलेल्या वेल्फांच्या इतिहासात त्याची दोन उत्तरे आहेत. एक असे की पूर्वजाने कातिलिना नावाच्या रोमन सिनेटरची मुलगी केली आणि मुलाला तिच्या वडिलांचे नाव ठेवले. लॅटिनमध्ये पिल्लाला 'कातुलुस' म्हणतात, म्हणून त्याचे जर्मन रूपांतर वेल्फ. दुसरे असे की सम्राटाच्या दरबारी असलेल्या पूर्वजाला मुलगा झाल्याची बातमी आली, तो घाईने घरी निघाला, तेव्हा 'एका पिल्लासाठी एवढी धावपळ' असे सम्राट थट्टेने म्हणाला आणि त्या पूर्वजाने तेच नाव मुलाला ठेवले. तिसरी, लोककथेतली हकिकत अधिक काळी आहे : आल्टडोर्फच्या काउंटची पत्नी इर्मेनट्रूट हिने एका वेळी बारा मुलगे प्रसवले, लोक काय म्हणतील या भयाने एकाला ठेवून बाकीच्यांना नदीत सोडायला दासीला पाठवले, वाटेत काउंटने टोपलीत काय आहे असे विचारले आणि दासी म्हणाली, 'पिल्ले'. या तिन्ही कथांना इतिहासाचा आधार नाही. पण पहिल्या कथेत नाव मुलीच्या माहेरचे आहे, आणि खऱ्या इतिहासातही वेल्फांचे नाव टिकले ते मुलीमुळेच.

तो प्रसंग १०५५ सालचा. तिसरा वेल्फ निपुत्रिक मेला. मरताना त्याने सारी मालमत्ता आल्टडोर्फच्या मठाला देऊन टाकली होती. त्याची म्हातारी आई इमिझा हिने ते मान्य केले नाही. तिची मुलगी कुनिगुंडे इटलीत एस्ते घराण्यात दिलेली होती. त्या मुलीच्या मुलाला इमिझाने माणसे पाठवून बोलावून घेतले, आणि तो आल्प्स ओलांडून आजोळी आला. त्याचे नाव आजोळच्या रीतीप्रमाणे वेल्फच होते. हा चौथा वेल्फ, जो १०७० मध्ये बव्हेरियाचा ड्यूक झाला. वडिलांच्या बाजूने पाहिले तर बाराव्या शतकातले सर्व वेल्फ हे इटलीच्या एस्ते घराण्याचे आहेत. इटलीतील पक्षांची दोन्ही नावे जर्मन असली, तरी त्यांतल्या एका जर्मन घराण्याचे रक्त पितृवंशाने इटालियन होते, आणि त्याला जर्मन नाव देणारी होती आईची आई.

या नावांविषयी सर्वाधिक सांगितली जाणारी गोष्ट वाइन्सबेर्गच्या वेढ्याची आहे. ११४० मध्ये राजा तिसरा कोनराड याने वेल्फांच्या ताब्यातील वाइन्सबेर्गला वेढा घातला. गर्विष्ठ हाइनरिख आदल्या वर्षी वारला होता आणि त्याच्याकडून काढून घेतलेला बव्हेरिया कोनराडने आपल्या सावत्र भावाला, अग्नेसच्याच दुसऱ्या लग्नाच्या मुलाला, दिला होता. हाइनरिखचा भाऊ सहावा वेल्फ वेढा उठवण्यासाठी चालून आला आणि २१ डिसेंबरला पराभूत झाला. या लढाईत एका बाजूने 'इकडे वेल्फ' आणि दुसऱ्या बाजूने 'इकडे वाइब्लिंग' अशा आरोळ्या उठल्या आणि तेव्हापासून ती पक्षांची नावे झाली, असे सांगतात. आरोळीची ही हकिकत मात्र पंधराव्या शतकातील रेगेन्सबुर्गच्या आंद्रेआस या इतिवृत्तकाराच्या लेखनात येते. लढाईनंतर जवळपास तीनशे वर्षांनी. तोपर्यंत इटलीत ही नावे सर्वतोमुखी झालेली होती, त्यामुळे त्यांचा उगम एखाद्या जर्मन रणांगणावर शोधण्याचा मोह समजण्यासारखा आहे. त्या आरोळीवर माझा विश्वास बसत नाही.

त्याच वेढ्याची दुसरी गोष्ट बरीच आधीची, कोलोनच्या बाराव्या शतकातील राज-इतिवृत्तात आहे. गाव शरण आले, तेव्हा राजाने स्त्रियांना अंगाखांद्यावर जेवढे नेता येईल तेवढे घेऊन बाहेर पडण्याची परवानगी दिली. स्त्रियांनी सामानसुमान टाकून आपापल्या नवऱ्यांना पाठीवर घेतले आणि त्या गड उतरून आल्या. राजाचा भाऊ ड्यूक फ्रीडरिख हरकत घेऊ लागला, तेव्हा राजाच्या शब्दात बदल होणे शोभत नाही, असे सांगून कोनराडने त्यांना जाऊ दिले. वाइन्सबेर्गच्या टेकडीवरील भग्न किल्ल्याला आजही 'वाइबरट्रॉय', म्हणजे बायकांची निष्ठा, असे म्हणतात. हीही गोष्ट शब्दशः खरी आहे की नाही यावर वाद आहेत. तरीही पुरुषांच्या आरोळ्यांपेक्षा बायकांच्या पाठीवरून उतरलेले पुरुष या इतिहासाचे अधिक खरे चित्र दाखवतात, असे मला वाटते.

११५२ मध्ये कोनराडच्या मृत्यूनंतर त्याचा लहान मुलगा बाजूला ठेवून पुतण्या फ्रीडरिख बार्बारोसाची निवड झाली, ती का, हे ओटोने त्या वाक्यापुढे सांगितले आहे. फ्रीडरिखचे वडील एका घराण्याचे आणि आई यूडिट दुसऱ्या घराण्याची. दोन भिंती जोडणाऱ्या कोनशिलेसारखा तो दोन्ही कुळांचे वैर सांधू शकेल, अशी आशा राजपुरुषांना होती. सहावा वेल्फ हा त्याचा सख्खा मामा, आणि गर्विष्ठ हाइनरिखचा मुलगा सिंह हाइनरिख हा मामेभाऊ. इंग्रजीत वा जर्मनमध्ये या नात्यांना वेगळे शब्द नाहीत, म्हणून तिकडच्या पुस्तकांतून हा गुंता उलगडायला मला वेळ लागला. मराठी शब्दांत घातल्याबरोबर तो सरळ झाला. सहाव्या वेल्फचा एकुलता मुलगा ११६७ मध्ये इटलीच्या मोहिमेत साथीच्या रोगाने मेला. तेव्हा वेल्फने आपल्या वारशाचा सौदा प्रथम पुतण्याशी, सिंह हाइनरिखशी, केला. पण पुतण्याने पैसे देण्यास टाळाटाळ केली आणि ते सारे बहिणीच्या मुलाला, सम्राटाला, मिळाले. वेल्फांचे मूळ स्थान असलेला आल्टडोर्फचा परिसर अशा रीतीने मामाकडून भाच्याकडे, श्टाउफरांकडे गेला.

नावे इटलीत पोहोचली ती पुढच्या पिढीत. ११९८ साली जर्मनीत दोन राजे निवडले गेले, श्टाउफर फिलिप आणि सिंह हाइनरिखचा मुलगा वेल्फ ओटो. हा ओटो १२०९ मध्ये सम्राट झाला, पण वर्षभरातच पोपशी त्याचे बिनसले, त्याला बहिष्कृत करण्यात आले, आणि पोप तिसरा इनोसंट याने त्याच्याविरुद्ध पाठिंबा दिला तो श्टाउफर घराण्याच्या तरुण दुसऱ्या फ्रीडरिखला. म्हणजे त्या क्षणी पोपच्या बाजूचा तो श्टाउफर आणि विरोधातला तो वेल्फ होता. इटलीतील शहरांना 'ग्वेल्फ' या नावाने कळत होते ते एवढेच, की हा श्टाउफरांचा प्रतिस्पर्धी. पुढे दुसरा फ्रीडरिख स्वतः पोपचा शत्रू झाला, १२३९ मध्ये दुसऱ्यांदा बहिष्कृत झाला, १२४५ च्या लिओंच्या परिषदेने त्याला पदच्युत ठरवले, आणि त्याचे विरोधक पोपच्या छत्राखाली एकत्र आले. फ्लोरेन्समध्ये पक्षनामे म्हणून हे दोन शब्द लेखी दिसू लागतात ते १२४० च्या आसपास, नेमके याच सुमारास.

फ्लोरेन्सचा व्यापारी आणि इतिवृत्तकार जोवान्नी विल्लानी, जो १३४८ च्या प्लेगमध्ये वारला, त्याने आपल्या शहरातील फुटीचे मूळ १२१५ च्या एका मोडलेल्या लग्नात सांगितले आहे. बुओन्देलमोन्ते नावाच्या तरुणाने आमिदेई घराण्यातील ठरलेली वधू नाकारून दोनाती घराण्यातील मुलगी केली आणि ईस्टरच्या सकाळी जुन्या पुलाच्या तोंडाशी त्याचा खून झाला. नावांच्या उगमाविषयी मात्र विल्लानी लिहितो की जर्मनीत दोन मोठे सरदार परस्परांशी लढत होते, त्यांचे समोरासमोर दोन बळकट किल्ले होते, एकाचे नाव ग्वेल्फो आणि दुसऱ्याचे गिबेल्लिनो. शंभर वर्षांत आल्प्सच्या दक्षिणेला एवढेच उरले होते. एक नाव खरोखर जागेचे आहे, हे बरोबर राहिले. दुसरे माणसाचे आहे, हे विसरले गेले. आणि अग्नेस व इमिझा या दोघींचा मागमूस राहिला नाही.

१२६६ मध्ये बेनेव्हेन्तोच्या लढाईत दुसऱ्या फ्रीडरिखचा मुलगा मान्फ्रेड पडला, १२६८ च्या ऑक्टोबरात त्याचा सोळा वर्षांचा नातू कोनराडिन याचा नेपल्समध्ये शिरच्छेद झाला, आणि श्टाउफरांचा पुरुषवंश संपला. गिबेलिन हे नाव मात्र त्यानंतर शेकडो वर्षे जगले. चौदाव्या शतकात विधिपंडित बार्तोलुस याने या दोन पक्षांवर स्वतंत्र प्रबंध लिहिला, आणि त्यात एकच माणूस एका शहरात ग्वेल्फ आणि दुसऱ्या शहरात गिबेलिन असू शकतो, असे मत दिले; तोवर ही नावे स्थानिक गटांची झाली होती. फ्लोरेन्सच्या पालात्सो वेक्कियोसमोर उभे राहिले असता त्यांची एक खूण सहज दिसते : इमारतीच्या माथ्यावरील तटाचे दाते सपाट चौकोनी आहेत आणि वरच्या मनोऱ्याचे दाते पाकोळीच्या शेपटीसारखे दुभंगलेले. पहिल्यांना इटलीत ग्वेल्फ दाते म्हणतात, दुसऱ्यांना गिबेलिन दाते. याच जागेच्या बाजूला गिबेलिन उबेर्ती कुटुंबाची घरे होती, जी ग्वेल्फांनी पाडली. त्या घराण्याच्या फारिनातास दान्तेने आपल्या महाकाव्यातील नरकाच्या दहाव्या सर्गात जळत्या कबरीतून कमरेपर्यंत उभे केले आहे, आणि ग्वेल्फ कुळात जन्मलेल्या कवीला तो पहिला प्रश्न विचारतो तो 'तुझे पूर्वज कोण', हा. पक्ष कुळावरून ओळखला जात होता, आणि कुळ विचारताना फारिनाताच्या मनात बापजादेच असणार.

जर्मनीत वेल्फ घराणे पुढेही टिकले आणि हानोव्हरचे राजे त्यातूनच आले. १७१४ मध्ये पहिल्या जॉर्जला ब्रिटनची गादी मिळाली ती आई सोफियाच्या हक्काने, कारण ती इंग्लंडच्या पहिल्या जेम्सची नात, त्याच्या मुलीची मुलगी होती. १८३७ मध्ये व्हिक्टोरिया राणी झाली तेव्हा हानोव्हरच्या कायद्याने, पुरुष वारस असताना, स्त्रीला गादी देता येत नव्हती. म्हणून ते राज्य तिचे काका एर्न्स्ट आउगुस्ट यांच्याकडे गेले आणि सव्वाशे वर्षांची जोडलेली दोन राज्ये वेगळी झाली. १८६६ मध्ये प्रशियाने हानोव्हर गिळंकृत केल्यावर जुन्या राजाच्या समर्थकांना जर्मन राजकारणात पुन्हा एकदा 'वेल्फ' हे पक्षनाम मिळाले. 'वाइब्लिंगन' मात्र पक्षनाम म्हणून जर्मनीत परतले नाही. आजच्या इटालियनमध्ये 'गिबेल्लिनो' शब्दाला धर्मसत्तेचा राजकारणातील हस्तक्षेप न मानणारा, अशी छटा आहे, आणि तो वापरणाऱ्याला रेम्सच्या काठचे गाव आठवत नाही.

अग्नेस ११४३ मध्ये वारली. व्हिएन्नाजवळच्या क्लोस्टरनॉयबुर्गच्या मठात, दुसऱ्या पतीने स्थापलेल्या, तिचे दफन झाले. त्या मठाची एक दंतकथा आहे, की लग्नानंतर वाऱ्याने उडालेली तिची ओढणी नऊ वर्षांनी लेओपोल्डला शिकारीत एका झुडपावर जशीच्या तशी सापडली आणि तेथे त्याने मठ बांधला. १४८५ मध्ये लेओपोल्डला संतपद मिळाल्यावर मठाने बाबेनबेर्ग घराण्याचा एक प्रचंड वंशवृक्ष रंगवून घेतला, जो अजून तेथे आहे. मधल्या मोठ्या फळीवर फांद्यांमधल्या वर्तुळांत घराण्यातील पुरुष आहेत, प्रत्येकामागे त्याच्या लढाया, शिकारी आणि शहरे; स्त्रियांची चित्रे दोन्ही बाजूंच्या अरुंद फळ्यांवर, एकीखाली एक अशी मांडलेली आहेत. अग्नेस तेथे आहे, बाजूच्या फळीवर.